वऱ्हाडातला लवणसमुद्र

पुराणांतला भूगोल मोठा गमतीचा आहे. मधोमध जंबुद्वीप, त्याच्याभोवती खाऱ्या पाण्याचा लवणसमुद्र, मग दुसरे द्वीप आणि त्याला वेढणारा उसाच्या रसाचा समुद्र, पुढे मद्याचा, तुपाचा, दह्याचा, दुधाचा आणि सर्वांत शेवटी गोड्या पाण्याचा. असे सात समुद्र आजीच्या तोंडून ऐकताना आपण सगळे उसाच्या रसापाशी आणि दुधापाशी थबकलेलो असतो. खाऱ्या समुद्राची कुणाला असोशी नसते. तो तर चौपाटीवर फुकटच मिळतो!

पण ज्याला चौपाटी माहीत नाही, ज्याच्या गावापासून अरबी समुद्र सरळ रेषेतही चारशे किलोमीटरांच्या आसपास दूर आहे, त्या वऱ्हाडच्या माणसाला लवणसमुद्र कुठून ठाऊक असणार? गंमत अशी, की तो त्याच्या दारातच आहे. बुलढाणा जिल्ह्यातल्या लोणार गावी काळ्या खडकात एक वाटोळी कढई कोरलेली आहे आणि तिच्या तळाशी खारट, बुळबुळीत, उग्र वासाचे पाणी साचलेले आहे. त्यात मासा जगत नसे. ते पाणी पिता येत नाही. त्याच्या तळाशी राक्षस मारला गेला आणि पाणी म्हणजे त्याचे रक्त, असे लोक पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले. २०२० साली तर या पाण्याने एकाएकी गुलाबी रंग धारण केला आणि साऱ्या देशाच्या वर्तमानपत्रांत लोणारचे छायाचित्र झळकले.

परीकथेत शोभावा असा हा समुद्र. मात्र त्याच्या गोष्टीतला आजचा भाग परीकथेचा नाही. तोच सांगण्यासाठी हा लेखनप्रपंच.

कढईच्या काठावर

२०२१ च्या डिसेंबरात आम्ही सहकुटुंब लोणारला गेलो. मुंबईहून जालन्यापर्यंत आगगाडी, पुढे एस. टी. वाटेत सिंदखेडराजा लागले. जिजाऊंचे जन्मस्थान पाहायला उतरलो, कन्येने तिथे शंभर प्रश्न विचारले, आणि दुपार कलता कलता लोणार गाठले.

समुद्र म्हटला की तो दुरून दिसावा, अशी आपली समजूत. लोणारचा समुद्र मात्र पाऊल काठावर पडेपर्यंत दिसत नाही. शेते, घरे, थोडासा चढ, आणि मग एकदम जमीन संपते! खाली दीडशे मीटर खोल, या काठापासून त्या काठापर्यंत सुमारे १,८३० मीटर रुंद अशी ती कढई. भोवतीचा काठ आसपासच्या जमिनीपेक्षा वीस-तीस मीटर उचललेला. तळाशी हिरवट, निश्चल पाणी. चिरंजीव आठवीत होते. नेहमी अखंड बडबड करणारा तो प्राणी पुरी दोन मिनिटे गप्प राहिला, यावरून काय ते समजा.

आम्हांला वाट दाखवायला गावातले एक वृद्ध गृहस्थ आले होते. त्यांनी काठीने खाली दाखवीत विचारले, "भाऊ, पाण्याच्या कडंची ती उघडी, करडी पट्टी दिसते का? तिथं झाड येत नाही. लेकरायले तिकडं सोडू नका. वरून कोरडं दिसते, पण पाय टाकला की गुडघ्यावर चिखल."

ती पट्टी जणू समुद्राने स्वतःच आखलेली लक्ष्मणरेषा. काठावर दाट रान, त्याच्या आत खजुरी-चिंचांची गर्दी, मग बाभळी, आणि मग काहीच नाही. जसजसे पाणी जवळ येते तसतशी माती खारट होते आणि एकेक झाड मागे हटते.

राक्षसाचे घर

या जागेची कथा स्कंदपुराणाशी जोडली जाते. लवणासुर नावाचा दैत्य जमिनीखाली गुहेत राहत असे आणि वर येऊन लोकांना छळीत असे. देवांनी विष्णूची प्रार्थना केली. विष्णूने देखण्या तरुणाचे रूप घेतले. दैत्याच्या बहिणी त्याच्यावर भुलल्या आणि भावाची लपण्याची जागा सांगून बसल्या. विष्णूने पायाच्या अंगठ्याने गुहेचे झाकण उडवले, दैत्य मारला गेला, गुहेत त्याचे रक्त साचले आणि त्याच्या मांसाचे मीठ झाले. उडालेले झाकण दूर नैऋत्येला जाऊन पडले आणि त्याची टेकडी झाली, असेही सांगतात.

गावात दैत्यसूदनाचे प्राचीन मंदिर आहे. ताराकृती जोत्यावर उभे असलेले, बाहेरून-आतून शिल्पांनी भरलेले. गाभाऱ्यात दैत्याला पायाखाली घेतलेला विष्णू. मूर्तीचा दगड असा, की धातू वाटावा. अकबराच्या काळच्या 'ऐन-ए-अकबरी'तही लोणारच्या पावित्र्याचा आणि तिथे मिळणाऱ्या काच-साबणाच्या कच्च्या मालाचा उल्लेख आहे. म्हणजे राक्षसाच्या मांसाचा व्यापार मोगलांच्या वहीतही नोंदलेला होता! उन्हाळ्यात पाणी आटले की काठावर क्षारांचे थर बसत. ते खरडून, वाळवून बाजारात जात. आपण पापडाच्या पिठात जो पापडखार घालतो, त्याच कुळातले हे क्षार.

कथेतली एक गोष्ट मला फार सूचक वाटते. आपल्या पूर्वजांनी खड्डा पाहिला आणि ताडले, की इथे एके दिवशी, एकाच क्षणी, काहीतरी भयंकर घडले. झाकण उडाले, खडक फेकले गेले. शास्त्रज्ञांना हे कबूल करायला बराच वेळ लागला.

आकाशातून आलेला पाहुणा

१८२३ साली जे. ई. अलेक्झांडर नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्याने या खड्ड्याची नोंद केली. भोवती सगळा ज्वालामुखीचा काळा दगड. तेव्हा खड्डाही ज्वालामुखीचाच, असे पुढे दीर्घकाळ मानले गेले. १८९६ साली गिल्बर्ट या अमेरिकन भूवैज्ञानिकाने ॲरिझोनामधल्या एका प्रचंड खड्ड्याविषयी लिहिताना लोणारशी त्याचे साम्य दाखवले. ॲरिझोनाचा खड्डा जमिनीखालच्या वाफेच्या स्फोटाने झाला, असा त्याचा कौल होता. पुढे दैवाने मौज केली. दोन्ही खड्डे अशनीच्या आघाताने झाले, हेच सिद्ध झाले.

लोणारचा निर्णायक पुरावा मिळाला तो तळाला भोके पाडून काढलेल्या खडकांत. काळ्या दगडातील फेल्स्पार या खनिजाचे स्फटिक तिथे न वितळताच काचेसारखे झालेले आढळले. त्याला मॅस्केलिनाइट म्हणतात. असा बदल घडवणारा दाब ज्वालामुखीत उत्पन्न होत नाही. अशनी प्रचंड वेगाने आदळला तरच होतो. भारतीय आणि अमेरिकन शास्त्रज्ञांचा याविषयीचा निबंध १९७३ साली प्रसिद्ध झाला आणि वाद मिटला. आपल्या दख्खनचा हा काळा दगड चंद्रावरच्या आणि मंगळावरच्या खडकांना जवळचा. अशा दगडात पडलेली आणि इतकी सुस्थितीत राहिलेली विवरे पृथ्वीवर फार थोडी. म्हणून चंद्रावरच्या खड्ड्यांचा अभ्यास करणारे लोक मेहकरच्या एस. टी. स्थानकावर दिसू लागले!

हा पाहुणा केव्हा आला? एका पद्धतीने केलेली मोजणी सुमारे ५२,००० वर्षे सांगते. आर्गॉन वायूवर आधारलेली पुढची मोजणी सुमारे ५,७०,००० वर्षे. दोन्हींपैकी कोणतीही खरी धरली, तरी त्या वेळी भारतात दगडाची हत्यारे वापरणारा माणूस वावरत होता. एखाद्या टोळीने तो लखलखाट दुरून पाहिलाही असेल.

हळदीचे कुंकू

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही खाली उतरलो. काठाजवळच्या गोमुखातून गोड्या पाण्याची धार बारमाही वाहते. भाविक तिथे स्नान करतात. धारेखाली ओंजळ धरली; पाणी नितळ आणि गोड. त्याच कढईत, हाकेच्या अंतरावर, ते दुसरे पाणी! झाडीतून मोरांच्या केका, फांद्यांवर वानरांच्या टोळ्या, अधूनमधून पडकी हेमाडपंती देवळे; असे करत पाण्याजवळच्या कमळजा देवीच्या देवळाशी पोहोचलो. नवरात्रात इथे यात्रा भरते. देवळाजवळच्या विहिरीला लोक सासू-सुनेची विहीर म्हणतात. एकाच विहिरीत एका बाजूचे पाणी गोड आणि दुसऱ्या बाजूचे खारट, असे तिचे वर्णन करतात. "यातली खारट कोण?" असे मी सहज विचारले, तेव्हा आमच्या सौभाग्यवतींनी माझ्याकडे जो कटाक्ष टाकला, त्याचा सामू मोजायला हवा होता.

सामू म्हणजे काय ते सांगायलाच हवे. पाणी आम्लधर्मी की अल्कधर्मी हे दाखवणारा हा आकडा. शुद्ध पाण्याचा ७, आपल्या समुद्राचा ८ हून किंचित अधिक, आणि लोणारचा साधारण साडेनऊ ते साडेदहा. एक आकडा वाढला की अल्कता दसपट होते, म्हणजे लोणारचे पाणी अरबी समुद्राच्या कितीतरी पट जहाल. हात बुडवला की साबण लावल्यासारखा बुळबुळीत लागतो; अल्कामुळे कातडीवरच्या तेलाचाच साबण होऊ लागतो.

सौभाग्यवतींनी देवीसाठी हळद-कुंकवाच्या पुड्या आणल्या होत्या. वृद्ध गृहस्थांनी सांगितल्यावर तिने चिमूटभर हळद कागदावर घेतली आणि वर सरोवराचे चार थेंब टाकले. हळद बघता बघता तांबडी झाली! मुले ओरडली, "जादू! जादू!"

"जादू कसली?" ती म्हणाली. "हळदीला चुना लागला की कुंकू होतं. आजीनं केलेलं पाहिलंय मी. हे पाणी चुन्याचं भावंडच."

शाळेच्या प्रयोगशाळेत जे मला तीन वर्षांत समजले नव्हते, ते देवळाच्या पायरीवर तीन मिनिटांत समजले.

हे पाणी असे का झाले, तेही ऐका. कढईला बाहेर जायला वाट नाही. भोवतीच्या दगडातून झिरपणारे पाणी सोबत क्षार आणते. ऊन पाण्याला उडवून नेते, क्षार मागे राहतात. चुन्याचा अंश साका होऊन तळाशी बसतो, सोड्याचा अंश पाण्यात साठत जातो. हजारो वर्षे ऊन आणि झरे यांची ही घासाघीस चालली आहे. एक पारडे जड झाले की पाणी तुटते, दुसरे जड झाले की पाणी पातळ होते.

आणि या जहाल पाण्यात कुणीच राहत नाही असे मात्र नाही. डोळ्यांना न दिसणाऱ्या जीवांची तिथे मोठी वस्ती आहे. पाण्याला हिरवा रंग देणारे स्पिरुलिनासारखे निळे-हिरवे सूक्ष्मजीव, आणि कडक क्षारातच सुखाने नांदणारे हॅलोआर्किया. २०२० च्या उन्हाळ्यात पाणी आटले, खारटपणा वाढला, आणि या हॅलोआर्कियांची चंगळ झाली. त्यांच्या अंगी गाजरासारखी रंगद्रव्ये असतात. जून महिन्यात साऱ्या सरोवराने गुलाबी शालू नेसला तो त्यांच्यामुळे. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने दखल घेतली, नमुने तपासले गेले. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने हे सूक्ष्मजीवच कारण असल्याचे सांगितले. त्या जीवांचा गाळ तळाशी बसल्यावर वरचे पाणी पुन्हा नितळ दिसले. पुढे पाऊस आला आणि शालू उतरला.

समुद्र गोड होऊ लागला तर?

आता मुख्य मुद्दा. गोष्टीतल्या समुद्राला भीती असते ती वादळाची. लोणारच्या समुद्राला भीती आहे गोड पाण्याची.

कढईच्या अगदी काठाशी गाव आहे. गावाचे सांडपाणी ओढ्यांच्या वाटेने सरोवरात उतरते, ही तक्रार वर्षानुवर्षे चालत आली आणि न्यायालयापर्यंत गेली. सांडपाण्यात खते, साबण, घाण. पण घाण नसती तरी ते पाणी होतेच! बाहेरचे पाणी जितके अधिक येईल तितका क्षार पातळ होणार. ज्या जीवांना साडेदहाचा सामू मानवतो, ते हळूहळू मागे हटणार आणि आपल्या गल्लीतल्या डबक्यात राहणारे साधे जीव तिथे घर करणार. मग लोणार हे एक हिरवे तळे होईल. खड्डा राहील, देऊळ राहील, समुद्र जाईल.

अमेरिकेत कॅलिफोर्नियात मोनो नावाचे असेच अल्कधर्मी सरोवर आहे. त्याच्यावर उलटे संकट आले. १९४१ सालापासून लॉस एंजेलिस शहराने त्याला मिळणारे ओढे वळवून नेले. सरोवर आटू लागले, पाणी दुप्पट खारट झाले, पक्ष्यांच्या अन्नावर संकट आले. दीर्घ न्यायालयीन झगड्यानंतर १९९४ साली राज्याच्या पाणी मंडळाने पातळी पुन्हा वर आणण्याचा हुकूम दिला. तिथे समुद्र फार कडू झाला, इथे फार गोड होण्याची धास्ती. दोन्हीकडे दोष एकच: तराजूत माणसाने हात घातला.

सरकारने काही केले नाही असे म्हणता येणार नाही. २००० साली इथे अभयारण्य झाले. २०२० च्या नोव्हेंबरात आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या रामसर यादीत लोणारचे नाव गेले. नांदूर मधमेश्वरनंतर महाराष्ट्रातले हे दुसरे. काठावर माजलेली परकी वेडी बाभूळ काढायचे काम झाले. खड्ड्याच्या आतली शेती थांबली.

पण हुकूम कागदावर निघतो आणि पोट गावात असते. संध्याकाळी चहाच्या टपरीवर एक शेतकरी भेटले. मी अभयारण्याची स्तुती केली. ते शांतपणे म्हणाले, "बराबर हाय साहेब. पण आमच्या आज्याचा मळा खाली व्हता. केळी व्हती, मका व्हता. आता आम्ही खाली बकरी नेली तरी दंड. दैत्य बरा व्हता, त्यानं दंड नाही मागला."

टपरीवर हशा पिकला. मीही हसलो. पण त्यांच्या बोलण्याला उत्तर काय द्यावे ते सुचेना. आम्ही शहरातले लोक दोन दिवस येतो, छायाचित्रे काढतो, "जपले पाहिजे हो!" असे म्हणून परत जातो. जपायचे म्हणजे कुणीतरी मळा सोडायचा, कुणीतरी चराई सोडायची. त्याचा मोबदला काय?

आमचे वाटाडे इतका वेळ गप्प होते. ते म्हणाले, "मळा गेला त्याचं वाईट मले बी वाटते. पण माह्या लहानपणी खाली उतरलं की नाकाले झोंबे असा वास येई. आमची माय म्हणे, दैत्य जागा हाय, लवकर वर ये. आता काही दिवशी वासच येत नाही. वास नाही आला की मले भेव वाटते."

हे वाक्य मी अजून विसरलो नाही. साऱ्या जगाला ज्याची दुर्गंधी वाटते, त्याच वासावरून या म्हाताऱ्याला आपला समुद्र जिवंत असल्याची खूण पटत होती. प्रयोगशाळेतली मोजणी त्याने पाहिली नव्हती; नाकाने मोजणी केली होती.

शेतकऱ्यानेही मान डोलावली. मग दोघांचे बोलणे सुरू झाले ते गटारांवर. बकरी अडवता, मळा अडवता, मग घाण पाणी का नाही अडवत? पाणी शुद्ध करून शेताला दिले, तर गावाचे भले आणि सरोवराचेही! लहान माणसाला आधी नियम लागतो आणि मोठ्या नाल्याला शेवटी, ही त्यांची खरी जखम. आणि ती रास्त आहे. ज्यांनी मळे सोडले त्यांना येणाऱ्या प्रवाशांच्या चार पैशांत वाटा मिळाला, वाट दाखवण्याचे काम, राहण्या-जेवण्याची सोय त्यांच्या हाती आली, तर हे लोकच त्या समुद्राचे सर्वांत कडक पहारेकरी होतील. वाटाड्यांचे नाक आहेच!

जाणाऱ्यांसाठी दोन शब्द

वाचकहो, जमेल तेव्हा लोणारला जरूर जा. मुलांना न्या. हिवाळ्यात गेलात तर पक्षीही पुष्कळ दिसतील. जाताना चार पथ्ये मात्र पाळा. गोमुखावर साबण नेऊ नका; तिथले पाणी शेवटी खालीच जाते. निर्माल्य, प्लास्टिक, नारळाच्या शेंड्या कढईत टाकू नका. तिच्यातून काहीच बाहेर जात नाही, जे पडले ते तिथेच राहते. करड्या चिखलावर पाय देऊ नका. आणि वाट दाखवायला गावचाच माणूस घ्या, त्याला योग्य ते द्या, आणि त्याचे ऐका. पुस्तकात नसलेले पुष्कळ काही त्याच्याजवळ असते.

परतीच्या एस. टी.त चिरंजीवांनी विचारले, "बाबा, दुधाचा आणि तुपाचा समुद्र कुठे असतो?" मी म्हणालो, "तो अजून कुणाला सापडलेला नाही." त्याने थोडा विचार केला आणि म्हणाला, "मग सापडलेला तरी नीट ठेवायला हवा."

त्याच्यापुढे मला काही जोडायचे नाही. सात समुद्रांतला सर्वांत गरीब, सर्वांत खारट, ज्याच्याकडे लहानपणी आपण पाहिलेही नाही, तोच नेमका आपल्या वऱ्हाडाच्या वाट्याला आला आहे. एका दैत्याला विष्णूने मारले, ते लोकांच्या भल्यासाठी. त्या दैत्याचे मीठ आपण गटाराच्या पाण्याने धुऊन टाकले, तर ते कुणाच्या भल्यासाठी, याचे उत्तर मात्र कोणत्याही पुराणात सापडणार नाही. ते आपल्यालाच द्यावे लागेल.